दगा आणि दगडू : नानांच्या सातबाऱ्यावर आमची नावं लागेपर्यंतचे अठरा महिने

नाना गेले त्या दिवशी आमच्या वावरात कापसाची वेचणी चालू होती. १७ नोव्हेंबर २०२३, शुक्रवार. भाऊबीजेला मी नाशिकहून माहेरी आले होते आणि आईच्या आग्रहाने दोन दिवस जास्त राहिले होते. सकाळी दहाच्या सुमारास नाना बांधावर पाणी प्यायला बसले ते उठलेच नाहीत.

त्यांचं नाव सातबाऱ्यावरून कमी होऊन आम्हा वारसांची नावं लागायला ३० मे २०२५ उजाडला. मधल्या काळात काय काय झालं ते तारखांसकट लिहून ठेवते आहे. या सगळ्यात मला जास्त त्रास झाला तो धावपळीचा नाही. आता पुढे काय होणार, कुठे अडलंय, किती दिवस थांबायचं, हे कुणीच सांगत नव्हतं, त्याचा झाला. तेवढं तरी कुणाचं कमी व्हावं.

आमचं गाव जळगाव जिल्ह्यातलं, तापीच्या पट्ट्यातलं. जमीन दोन गटांत. एक १ हेक्टर ३४ आर, नानांच्या एकट्याच्या नावावर. दुसरा ८१ आर, आजोबांपासून आलेला, सामाईक. वारस आम्ही तिघं: आई, मी आणि माझ्याहून चार वर्षांनी लहान भाऊ, जो गावातच राहून शेती करतो. घरात भांडण नाही, कोर्टकचेरी नाही. तरीही अठरा महिने लागले.

मृत्यूची नोंद भावाने गंधमुक्तीच्या, म्हणजे सुतक फिटण्याच्या विधीच्या, दुसऱ्याच दिवशी ग्रामपंचायतीत केली. २१ दिवसांच्या आत केली की ती सरळ होते. दाखल्याच्या निदान पाच प्रती घेऊन ठेवा. बँक, गावची शेती कर्जाची सोसायटी, विमा, तलाठी, प्रत्येक जण मूळ प्रत मागतो. दाखल्यावरचं नाव आधार कार्डावरून लिहिलं गेलं: दगडू. त्यात काही चूक आहे असं तेव्हा कुणाच्याच मनात आलं नाही.

आजीची आधीची दोन मुलं तान्हेपणीच गेली होती. पुढचं मूल जगावं म्हणून आमच्याकडे दगडू, धोंडू, भिका अशी नावं ठेवायची पद्धत होती. त्यामुळे नाना दगडू. शाळेच्या दाखल्यावर दगडू, आधारवर दगडू. पण गावात, सोसायटीत आणि सातबाऱ्यावर दगा. आयुष्यभर दोन्ही नावांना ते ओ देत आले आणि त्यांचं काही अडलं नाही. अडलं ते आमचं.

कायद्याप्रमाणे वारसाने तीन महिन्यांच्या आत तलाठ्याला कळवायचं असतं (महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६, कलम १४९). आई म्हणत होती, वर्षश्राद्धापर्यंत कागदाला हात लावू नका. मी तिला कसंबसं समजावलं आणि १२ फेब्रुवारी २०२४ ला भावाने अर्ज दिला. मी माझ्या आधार कार्डाचा फोटो मोबाईलवर पाठवला आणि काम मार्गी लागलं असं समजून नाशिकला शाळेच्या कामाला लागले.

रीत अशी असते. तलाठी आधी वारस नोंदवहीत, म्हणजे गाव नमुना ६-क मध्ये, नोंद घेतो. गावात चौकशी करतो, पोलीस पाटील आणि शेजारपाजारच्यांचे जबाब घेतो. मग फेरफार नोंदवहीत (गाव नमुना ६) नोंद टाकतो, चावडीवर नोटीस लावतो आणि संबंधितांना नोटिसा देतो. १५ दिवसांत हरकत आली नाही तर मंडळ अधिकारी, म्हणजे आपल्या बोलण्यातला सर्कल, ती नोंद प्रमाणित करतो आणि सातबारा बदलतो. सगळं वेळेत झालं तर दीड-दोन महिन्यांचं काम.

आमच्या तलाठी आप्पांकडे तीन गावांचा भार होता. आमच्या गावाला ते बाजाराच्या दिवशी बसायचे आणि त्या दिवशी त्यांच्या टेबलाभोवती चाळीस माणसं. १६ मार्चला लोकसभेची आचारसंहिता लागली. आमच्याकडे मतदान १३ मे ला होतं, तोवर महसूलचा बहुतेक माणूस निवडणुकीच्या कामाला. भाऊ जायचा आणि परत यायचा. जूनमध्ये पेरण्या सुरू झाल्या तरी अर्ज होता तिथेच.

२८ जूनला रात्री सहज म्हणून मी मोबाईलवर ‘आपली चावडी’ हे महसूल खात्याचं संकेतस्थळ उघडलं. जिल्हा, तालुका, गाव निवडलं की त्या गावात नोटिशीवर असलेले फेरफार तिथे दिसतात. आमचा होता. मयत खातेदाराचं नाव वाचलं, खाली वारसांची नावं वाचली. आईचं होतं, भावाचं होतं. माझं नव्हतं.

मी ते पान तीनदा बंद करून उघडलं. जमिनीचा हव्यास मला कधीच नव्हता, आजही नाही. पण नानांच्या मृत्यूच्या कागदावर त्यांच्या मुलांची यादी आहे आणि त्यात मी नाही, हे बघून पोटात खड्डा पडला. नवऱ्यालाही त्या रात्री सांगितलं नाही.

सकाळी भावाला फोन केला. तो काही क्षण गप्पच राहिला. मग म्हणाला, “ताई, अर्ज मी लिहिलाच नाही. तहसीलबाहेरच्या माणसाला तीन हजार दिले. तो म्हणाला, बहीण नाशिकला, तिच्या सहीसाठी कशाला थांबता, आई आणि तुमचं टाकतो, लवकर होईल. मला वाटलं नंतर वाढवता येतं.” माझ्या भावाच्या मनात खोट नव्हती, हे मला तेव्हाही माहीत होतं. पण हे वाक्य, ‘बहिणीचं नंतर बघू’, किती घरांतून किती वर्षं चालत आलंय याचा विचार करत मी त्या दिवशी वर्गात उभी होते.

हिंदू वारसा कायद्यात मुलगा, मुलगी, विधवा पत्नी आणि मयताची आई हयात असेल तर ती, हे सगळे पहिल्या वर्गाचे वारस आहेत. १९५६ पासून आहेत. वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलासारखाच जन्मतः हक्क आपल्या राज्याने १९९४ मध्ये दिला होता, तो २००५ च्या दुरुस्तीने देशभर आला, आणि त्यावर उरलेली शंका सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२० मध्ये दूर केली. मुलगी लग्न करून गेली, परगावी राहते, सहीला येऊ शकत नाही, यातल्या कशानेही तिचं नाव गळत नाही. आणि वारस नोंद म्हणजे वाटणी नव्हे. सगळ्यांची नावं सामाईक लागतात, कुणाचा बांध कुठे हे त्यानं ठरत नाही. वाटणी नंतर वेगळी करता येते. ज्याला हिस्सा नको असेल त्याला दुय्यम निबंधकाकडे जाऊन नोंदणीकृत हक्कसोड करता येतं. पण ते आपल्या नावाची नोंद झाल्यावर, आपल्या मर्जीने. मुलींची नावं दडवल्याने काम लवकर होत नाही, अडतं. आमचंच बघा.

५ जुलैला रजा टाकून गावी गेले. एसटीत बायकांना अर्धं तिकीट असल्याने या सगळ्या खेपा मला परवडल्या, हेही सांगते. तहसील कार्यालयात पाय ठेवायला जागा नव्हती. त्याच आठवड्यात लाडक्या बहिणीचे अर्ज सुरू झाले होते आणि दाखल्यांसाठी बायकांच्या रांगा दारापासून रस्त्यापर्यंत होत्या. सर्कलसाहेब संध्याकाळी भेटले. त्यांनी फाईल उघडली आणि एक पेन दोन ठिकाणी टेकवलं. “इथे दगा, इथे दगडू. माणूस एकच, याचा पुरावा कुठे आहे? आणि तुम्ही मुलगी ना? मग तुमचं नाव कुठे आहे?” १९ जुलैला तो फेरफार नामंजूर झाला. आम्हाला कळवलं कुणीच नाही, मी पुन्हा मोबाईलवरच पाहिलं.

तिथून पुढे काम मी हातात घेतलं. शंभर पानी वही केली. तारीख, कोणाला भेटले, काय म्हणाले, किती पैसे गेले. प्रत्येक अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, शिक्का आणि सही घेतल्याशिवाय कार्यालयातून हलायचं नाही, असा नियम केला. तोंडी सांगितलेलं काहीही पुढच्या खेपेला कुणाला आठवत नाही; वहीत आवक क्रमांक असला की टेबलापलीकडचा माणूसही फाईल शोधायला उठतो.

दोन नावांचा प्रश्न असा सुटला. नानांचा शाळा सोडल्याचा दाखला मिळवला. सोसायटीच्या जुन्या कर्जाच्या कागदांवर ‘दगा उर्फ दगडू’ असं लिहिलेलं सापडलं. पोलीस पाटलांचा दाखला घेतला. आणि ‘दगा व दगडू ही एकाच व्यक्तीची नावे आहेत’ असं प्रतिज्ञापत्र आईने केलं. पोलीस पाटील नानांच्याच वयाचे. सही करताना म्हणाले, “बेटा, तुन्हा बाप कागदवर आजून जित्ता शे.” मी घरी येईपर्यंत रडले नाही.

प्रतिज्ञापत्रासाठी स्टॅम्प पेपरचा आग्रह सगळे धरतात. शासकीय कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक शुल्क माफ आहे, साध्या कागदावरही चालतं, हे मला उशिरा कळलं. तोवर स्टॅम्प आणि नोटरी मिळून १,९०० रुपये गेले होते. ऑक्टोबर २०२४ मध्ये शंभराच्या जागी पाचशेचा स्टॅम्प आल्यापासून तर हे आधी विचारून घ्याच.

२३ सप्टेंबरला नवा अर्ज दिला, तिन्ही वारसांच्या नावानिशी. या वेळी महसूल खात्याच्या ‘ई-हक्क’ संकेतस्थळावर ऑनलाईन भरला आणि त्याची छापील प्रत तलाठी कार्यालयात दिली. वारस नोंदीच्या अर्जाला सरकारी फी नाही. डिजिटल सहीचा सातबारा १५ रुपयांत निघतो आणि तो सगळीकडे चालतो. दलालाला दिलेले तीन हजार कशाचे होते, हे भावालाही सांगता आलं नाही.

१५ ऑक्टोबरला विधानसभेची आचारसंहिता लागली, २० नोव्हेंबरला मतदान झालं. मध्ये आप्पांची बदली झाली आणि नव्या ताई आल्या, तलाठ्याचं पद आता ‘ग्राम महसूल अधिकारी’ म्हणवतं. वय असेल अठ्ठावीस. त्यांनी पहिल्याच भेटीत मला समोर बसवून कागद लावून दाखवले आणि कोणता पुढे, कोणता मागे, ते सांगितलं. तोवर एवढं कुणी केलं नव्हतं.

त्या दिवाळीनंतर कापूस घरात आला. सीसीआयचा (भारतीय कापूस महामंडळाचा) हमीभाव लांब धाग्याला क्विंटलमागे ७,५२१ होता, पण सातबारा मयत माणसाच्या नावावर, त्यामुळे नोंदणीच जमेना. भावाने १८ क्विंटल खेडा खरेदीत, म्हणजे गावात येणाऱ्या व्यापाऱ्याला, ६,९०० ने दिला. दहा-अकरा हजारांचा फटका. कागद नसल्याची किंमत अशी मोजावी लागते आणि ती कुठल्याच पावतीवर दिसत नाही. पीएम किसानचंही इथेच सांगते. नानांच्या खात्यात त्यांच्या मृत्यूनंतर एक हप्ता जमा झाला होता. तो तसाच ठेवून आम्ही कृषी सहायकांना लेखी कळवलं. असे पैसे वापरले तर वसुली निघते. १ फेब्रुवारी २०१९ नंतर जमीन नावावर आलेल्यांना ती योजना मिळत नाही, पण वारसाने आलेल्यांना मिळते. भावाला कुणीतरी उलटं सांगितलं होतं.

९ जानेवारी २०२५ ला पहिल्या गटाची नोंद प्रमाणित झाली. आई, मी, भाऊ. आम्ही मोठ्या गटातून सुटलो.

राहिला ८१ आर. गट लहान, पण काम खरं तर मोठं होतं, कारण त्याच्यात आजी अडकलेली होती.

आजोबा १९८९ मध्ये वारले तेव्हा आजी, नाना आणि दोन्ही फुई (आम्ही आत्याला फुई म्हणतो) अशी चार नावं लागली. त्या काळात फुईंची नावं लावणारा तो तलाठी कोण होता माहीत नाही, पण मला त्याच्याबद्दल फार आदर वाटतो. त्यानंतर आजी गेली आणि तिचं नाव कमी करायचं कुणाला सुचलंच नाही. आता नानांची वारस नोंद करायची तर आधी आजीची करायला हवी होती. ज्या क्रमाने माणसं गेली त्या क्रमाने नोंदी. म्हणून सांगते, आई-वडील हयात असतानाच सगळ्या गटांचे सातबारे आणि ८-अ चा खातेउतारा काढून वाचा. त्यात कोण कोण मेलेली माणसं अजून उभी आहेत ते बघा आणि आईवडिलांनाच विचारून घ्या. कारण त्यांच्यानंतर सांगणारं कुणी उरत नाही.

आजीचा मृत्यूचा दाखला ग्रामपंचायतीत मिळेना. आई म्हणाली, १९९४ साल असावं. तीन वर्षांची रजिस्टरं पाहिली, नोंद नाही. मग ‘नोंद उपलब्ध नाही’ असा दाखला घेऊन उशिरा नोंदणीच्या आदेशासाठी तहसीलला अर्ज केला, जानेवारीच्या मध्यात. आठच दिवसांत राज्यभर अशा उशिरा नोंदींचं काम सरकारने थांबवलं; खोटे दाखले दिले गेल्याच्या तक्रारी होत्या. दोन महिने ‘वरून आदेश नाही’ एवढंच उत्तर. १० फेब्रुवारीला मी माहितीच्या अधिकारात अर्ज टाकला, दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून: माझ्या अमुक आवक क्रमांकाच्या अर्जावर आजवर काय कार्यवाही झाली. ३० दिवसांत उत्तर द्यावंच लागतं. उत्तर आलं की शासन निर्देशांनुसार कार्यवाही स्थगित आहे. एका ओळीचं उत्तर, पण ते वाचून मला बरं वाटलं. माझी फाईल हरवलेली नाही, निदान एवढं तरी कळलं. मार्चच्या मध्यात नवी कार्यपद्धती आली. पुराव्यांची यादी वाढली आणि आमच्याकडे पुरावा एकही नव्हता.

१ एप्रिलपासून राज्यभर ‘जिवंत सातबारा’ मोहीम सुरू झाली. मयत खातेदारांची नावं काढून वारसांची लावायची. ४ एप्रिलला आमच्या गावात मारुतीच्या पारावर चावडीवाचन झालं. मी रजा काढून गेले. ताई गटानुसार मयत खातेदारांची नावं वाचत होत्या. ऊन चाळिशीच्या वर, लिंबाच्या सावलीत पन्नास-साठ माणसं. एकेक नाव वाचलं की कुणीतरी “हो, वारले” म्हणायचं, आणि साल आठवायचं. काहींची तर नातवंडंही म्हातारी झालेली. आमच्या गटाला आजीचं नाव आलं, मग “दगा” आलं. ‘उर्फ दगडू’ ताईंनी स्वतःहून जोडलं. आई माझ्या शेजारी बसलेली. ती पदर सावरून म्हणाली, “हो, वारले.” नाना गेल्यापासून चारचौघांत तिने ते शब्द पहिल्यांदाच उच्चारले असावेत.

मोहिमेत कागद कमी लागत होते: मृत्यूचा दाखला, वारसांबाबत प्रतिज्ञापत्र किंवा स्वयंघोषणा, गावातला दाखला, वारसांची नावं, वयं, पत्ते, फोन. पण आजीच्या मृत्यूचा दाखला हवाच होता. पहिल्या टप्प्याची मुदत १० मे.

३० एप्रिलला आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, होती. खान्देशात आखाजीला सासुरवाशिणी माहेरी येतात, मग त्यांचं वय कितीही असो. मोठी फुई चौऱ्याहत्तर वर्षांची, धाकटी त्रेसष्टची. दोघी आल्या. सकाळी पितरांच्या नावाने घागर भरली, नानांची ती दुसरी आखाजी. दुपारी आमरस, पुरणपोळी, कटाची आमटी. मी वाढत होते. मोठ्या फुईच्या पुढे जुनं स्टीलचं ताट होतं, रस वाढताना ताटाच्या काठावर माझी नजर गेली. बारीक टिंबांनी कोरलेली अक्षरं, घासून घासून अर्धी पुसलेली. आजीचं नाव, ‘यांचे स्मरणार्थ’, आणि तारीख १७-८-९६.

गंधमुक्तीला भाऊबंदांना वाटलेलं ताट. मी वाढायचं सोडून ते उजेडाकडे धरून उभी राहिले. १९९४ नव्हे, १९९६. दिवस ऑगस्टचे. ग्रामपंचायतीत आम्ही १९९३ ते ९५ पाहिली होती.

“मग आता ९६ चं रजिस्टर बघायला लागेल ग्रामपंचायतीत,” मी म्हणाले. फुईने हात धुतले आणि सरळ सांगितलं, “गावमा काय पाहतीस? माय तं धुयाले दवाखानामा वारनी.” कावीळ झाली होती, नाना तिला बैलगाडीने रस्त्यापर्यंत आणि तिथून एसटीने धुळ्याला घेऊन गेले होते. आईला दिवस आठवत होते, पण ती तेव्हा मला घेऊन गावी होती.

मृत्यूची नोंद माणूस जिथे राहतो तिथे होत नाही, जिथे मरतो तिथे होते. हे वाक्य मला कुणी जानेवारीत सांगितलं असतं तर चार महिने वाचले असते. ‘नोंद नाही’ असा दाखला घेऊन मोठ्या आदेशाच्या मागे लागण्याआधी घरातल्या सगळ्यांत वयस्कर माणसाला विचारा: कुठे गेले? दवाखान्यात की घरी? कोणत्या गावच्या दवाखान्यात? भांड्यांवरची नावं बघा. जुन्या लग्नपत्रिकांवर ‘कै.’ कुणाला लावलंय ते बघा, त्यावरून साल बांधता येतं.

६ मे ला मी आणि भाऊ धुळ्याला गेलो. जन्म-मृत्यू नोंदणीच्या खिडकीवर ताटावरून उतरवलेली तारीख, आजीचं नाव आणि गाव लिहून दिलं. तिथल्या भाऊसाहेबांनी १९९६ चं रजिस्टर काढून बोट फिरवायला सुरुवात केली. ऑगस्टच्या पहिल्या पानांवर बोट थांबलं. ७ ऑगस्ट. खबर देणाऱ्याच्या रकान्यात लिहिलं होतं: मुलगा, दगा. मी त्यांना दोनदा विचारलं, जरा बघू द्या. नानांनी ही नोंद स्वतः केलेली होती. एकोणतीस वर्षं ती तिथे होती. आमच्या घरात सांगायचं राहून गेलं, एवढंच.

दुपारी दोनपर्यंत दाखला हातात होता. तहसीलमधला उशिरा नोंदणीचा अर्ज दुसऱ्याच दिवशी लेखी मागे घेतला; तो तसाच पडू दिला असता तर पुढे घोळ झाला असता.

एक गोष्ट मध्येच झाली ती लिहायला हवी. आखाजीच्या दुसऱ्या दिवशी गावातले दोघं-तिघं जिभाऊ, म्हणजे वडीलधारे, घरी आले. त्यांचं म्हणणं, दोघी फुई आल्याच आहेत तर हक्कसोड करून घ्या, परत कुठे त्यांना बोलावत बसता. सल्ला प्रेमाचाच होता. भाऊ माझ्याकडे बघत होता. मी म्हणाले, आज फक्त नोंद. फुईंचं जे असेल ते फुई ठरवतील, त्यांना वाटेल तेव्हा. मोठी फुई ओट्यावर सुपारी कातरत होती. म्हणाली, “वावर काय डोकावर लई जासू का मी? पन मन्हा बापनं वावर शे ते.” त्यावर कुणी काही बोललं नाही. भावानेच दोघींच्या आधार कार्डांच्या झेरॉक्स काढून आणल्या आणि अर्जात त्यांची नावं आपल्या हाताने लिहिली.

९ मे ला दोन फेरफार पाठोपाठ पडले, आधी आजीचा, मग नानांचा. नोटिशीचे १५ दिवस. फुईंच्या नोटिसा त्यांच्या गावी जायच्या होत्या. ताईंनी फोन नंबर घेऊन ठेवले होते म्हणून त्या वेळेत मिळाल्या. पत्ता आणि फोन अर्जात नीट लिहा, नोटीस पोहोचली नाही तर मुदत लांबते. २७ मे ला सर्कलसाहेबांनी दोन्ही प्रमाणित केले. ३० मे ला मी नाशिकला स्टाफरूममध्ये पंधरा रुपये भरून सातबारा काढला. पाच नावं: दोघी फुई, आई, मी, भाऊ. भावाला फोन केला, त्याने सगळी नावं मला मोठ्याने वाचायला लावली.

वहीतला हिशोब: प्रवास ४,७००, प्रतिज्ञापत्रं आणि नोटरी १,९००, जुन्या फेरफारांच्या नकला ८००, सातबारे आणि झेरॉक्स ४६०. एकूण ७,८६०. दलालाचे तीन हजार आणि कापसाचा तोटा यात धरलेला नाही. माझ्या रजा अकरा.

कुणाला चुकीची नोंद प्रमाणित झालेली आढळली तर प्रांताधिकाऱ्यांकडे अपील करता येतं, आणि नुसती लेखनातली चूक असेल तर कलम १५५ खाली तहसीलदारांकडे दुरुस्तीचा अर्ज. आमच्यावर ती वेळ आली नाही. पण नोटिशीचे १५ दिवस चालू असताना एकदा तरी मोबाईलवर आपलं गाव उघडून बघा, विशेषतः लेकींनी.

जूनमध्ये भावाने दोन्ही गटांत कपाशी लावली. शेतकरी ओळख क्रमांक निघाला, सोसायटीत सभासदत्वाचा अर्ज दिला. आता राहिलं आहे ते विहिरीवरच्या मोटारीचं वीज कनेक्शन. शून्य रकमेचं का होईना, बिल अजून ‘दगा’ याच नावाने येतं. नाव बदलायचा अर्ज भरून मी आईसमोर ठेवला, सहीसाठी. तिने तो घडी घालून देव्हाऱ्याखालच्या फळीवर ठेवला आणि म्हणाली, “एक तरी ऱ्हाऊ दे त्यासना नावनं.”

तो अर्ज अजून तिथेच आहे.